सोंगे घेणाऱ्यांची नावे

(हरसूल येथील स्मृती व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा मुद्रित मजकूर)



एका शिक्षकाच्या स्मरणार्थ आपण इथे जमलो आहोत. शिक्षकाचे मोठे काम असते ते हजेरी घेण्याचे. वर्गातल्या प्रत्येक मुलाचे नाव घ्यायचे, एकही गाळायचे नाही. आज मला अशीच एक हजेरी घ्यायची आहे. पडद्यावर किंवा टेंभ्यांच्या उजेडात ज्यांना आपण देव, राक्षस, वानर, नाग म्हणून पाहिले, पण ज्यांची नावे विचारायचे राहून गेले, अशा नटांची ही हजेरी आहे. त्यात आपल्या नाशिक जिल्ह्यात घडलेल्या मूकपटांतली माणसे आहेत, दूरच्या जपानमधला एक नट आहे आणि तुमच्यापैकी काही घरांतली माणसेही आहेत.

मला जे सांगायचे आहे ते आधीच सांगून टाकतो. अद्भुत दाखवणाऱ्या कलेत चमत्काराचे श्रेय युक्ती शोधणाऱ्याला मिळते. ते मिळायलाच हवे. पण त्या युक्तीचे ओझे कुणाच्या तरी अंगावर असते. उष्णता, अंधार, वजन, पाणी, धूर सोसणारा एक जिवंत देह त्या चमत्काराच्या आत उभा असतो. तो नसेल तर युक्ती नुसती यंत्राची करामत राहते. म्हणून त्याचे नाव नोंदले गेले पाहिजे.

सुरुवात बोहाड्यापासून करू. हरसूल, पेठ, सुरगाणा, मोखाडा, जव्हार या डोंगरपट्ट्यात होळीच्या पुढे शेतीची कामे थांबलेली असतात तेव्हा रात्री जागतात. संबळ वाजू लागतो, त्याला पिपाणीची साथ मिळते आणि एकामागून एक सोंगे येतात. गणपती येतो, मोरावर बसलेली शारदा येते, मारुती, नरसिंह, वेताळ, रावण, त्राटिका येतात. शेवटाकडे देवी आणि महिषासुराचे युद्ध होते. कोकणा, वारली, महादेव कोळी समाजांनी ही परंपरा सांभाळली. मुखवटे कागदाच्या लगद्याचे असतात किंवा लाकडाचे. ठरावीक सोंग ठरावीक घराण्याकडे असण्याची पद्धत पुष्कळ गावांत आहे. आजोबांनी घेतलेले सोंग बापाकडे, बापाकडून मुलाकडे येते.

इथल्या माणसाला मी बोहाडा काय ते सांगावे, असे नाही. पण एका गोष्टीकडे लक्ष वेधतो. मुखवटा चढला की नटाचे सगळ्यात मोठे साधन, म्हणजे चेहरा, त्याच्याकडून काढून घेतले जाते. डोळे दिसत नाहीत, ओठ हलत नाहीत, भुवई उंचावता येत नाही. मग राग कशाने दाखवायचा? पावलाने. गर्व कशाने दाखवायचा? मानेच्या झोक्याने, छातीच्या ठेवणीने. संबळाच्या ठेक्यावर रावण कसा येतो आणि शारदा कशी येते, यात जो फरक असतो तो सगळा खांद्यांत, कमरेत आणि तळपायांत असतो. जाणकार प्रेक्षकाला हे ठाऊक असते. म्हणून मुखवटा तोच असला तरी यंदाचे सोंग गेल्या वर्षापेक्षा चांगले नाचले की नाही, हे गावात दुसऱ्या दिवशी बोलले जाते. म्हणजे मुखवट्याच्या आत अभिनय असतो, तो कमी-जास्त प्रतीचा असू शकतो आणि पाहणाऱ्याला तो ओळखता येतो. हे तत्त्व हाताशी ठेवून आपण आता सिनेमाकडे वळू.

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वरला झाला. आज आपण ज्या तालुक्यात बसलो आहोत त्याच तालुक्याचे हे गाव. फाळके मुंबईत जे. जे. कलाशाळेत शिकले, बडोद्याच्या कलाभवनात शिकले, छायाचित्रण आणि छपाईत मुरले. त्यांच्या आयुष्यातली एक गोष्ट मात्र पुरेशी सांगितली जात नाही. ते जादूचे प्रयोग करीत. कार्ल हर्ट्झ या जादूगाराबरोबर त्यांनी काम केले आणि स्वतःचे आडनाव उलटे करून ‘प्रोफेसर केल्फा’ या नावाने खेळही दाखवले. सिनेमाकडे ते आले तेव्हा जादूगाराचे हात घेऊनच आले.

१९१२ मध्ये ते लंडनला गेले, कॅमेरा आणि फिल्मला छिद्रे पाडण्याचे यंत्र घेऊन परतले. परतल्यावर त्यांनी पहिली परीक्षा घेतली ती वाटाण्याच्या दाण्यावर. कॅमेरा एकाच जागी ठेवून दिवसेंदिवस थोडी थोडी चित्रे घेतली आणि ती सलग दाखवली, तेव्हा अंकुर पाहता पाहता वर येऊन त्याची वेल झाली. काळ आखडून दाखवण्याची ही युक्ती होती. ती पाहून भांडवल देणारा माणूस पुढे आला. पण अंकुराला घाम येत नाही, त्याला थांब म्हणावे लागत नाही. पुराणकथा सांगायची तर माणसे हवी होती.

ती मिळेनात. सिनेमात काम करणे हलके समजले जाई. स्त्रिया तर यायलाच तयार नव्हत्या. जाहिराती देऊन झाल्या, कलावंतिणींकडेही विचारून झाले. शेवटी मुंबईत ग्रँट रोडवरच्या एका उपाहारगृहात काम करणारा एक तरुण फाळक्यांच्या नजरेस पडला. सडपातळ बांधा, नाजूक हात. महिना १० रुपये पगारावर तो तिथे राबत होता. फाळक्यांनी १५ देऊ केले. हे अण्णा साळुंके. ३ मे १९१३ रोजी गिरगावातल्या कोरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांपुढे आला, तेव्हा त्यातली राणी तारामती हे साळुंके होते. दत्तात्रय दामोदर दाबके हरिश्चंद्र झाले होते, फाळक्यांचा मुलगा भालचंद्र रोहिदास झाला होता.

हे काम कसे होते, याची नीट कल्पना करून पाहा. दादरच्या बंगल्यात सगळी मंडळी एकत्र राहत. सरस्वतीबाई फाळके एवढ्या माणसांचा स्वयंपाक करीत, शिवाय फिल्म धुण्यापासून उन्हाला पांढरे कापड धरण्यापर्यंत निर्मितीची कामेही करीत. कुणी विचारले तर हरिश्चंद्राच्या कारखान्यात कामाला आहोत असे सांगा, अशी शिकवण नटांना दिलेली होती. स्त्रीभूमिका करणाऱ्या पुरुषांनी लुगडे नेसून घरातली कामे करावीत, म्हणजे चालणे-बसणे अंगवळणी पडेल, असा फाळक्यांचा आग्रह असे. चित्रण सूर्यप्रकाशात व्हायचे. भरजरी वस्त्रे, दागिने, केशभार अंगावर आणि डोक्यावर ऊन. तारामती आणि तिच्या सख्या हौदात जलक्रीडा करतात असे एक दृश्य आहे. त्यातल्या सगळ्या स्त्रिया म्हणजे पुरुषच. नाटकात रंगमंच आणि प्रेक्षक यांच्यात अंतर असते, गाणे मदतीला असते. इथे ओले वस्त्र अंगाला चिकटलेले, कॅमेरा समोर आणि आवाज नाही. त्याही अवस्थेत राणीपण टिकवायचे होते.

युक्तिदृश्यांत तर नटाची जबाबदारी आणखी वाढते. देव अचानक प्रकट होतो, मनुष्य अदृश्य होतो, या दृश्यांचे तंत्र थोडक्यात सांगतो. हाताने फिरवायचा कॅमेरा मध्येच थांबवतात. सगळ्या नटांनी होते तिथे, होते तसे उभे राहायचे. हात वर असेल तर वरच, नजर खाली असेल तर खालीच. मग देवाच्या वेषातला नट आत येऊन उभा राहतो आणि कॅमेरा पुन्हा फिरू लागतो. पडद्यावर देव क्षणात प्रकट होतो. मधली ती मिनिटे प्रेक्षकाला दिसत नाहीत, पण नटाने ती श्वास आवरून काढलेली असतात. एकाचा खांदा इंचभर जरी हलला तरी चमत्काराला झटका बसतो. दुसरी युक्ती म्हणजे एकाच फिल्मवर दोनदा चित्रण करणे. अर्धी चौकट काळ्या आडोशाने झाकून एक प्रतिमा घ्यायची, फिल्म मागे गुंडाळायची, मग उरलेल्या भागावर दुसरी घ्यायची. इथे नटाला समोर नसलेल्या पात्राकडे पाहून बोलायचे असते, नमस्कार करायचा असतो. नजर नेमकी किती उंचीवर ठेवायची हे त्यालाच सांभाळावे लागते. आज मोठ्या चित्रपटांतले नट हिरव्या पडद्यापुढे उभे राहून हेच करतात आणि त्याचे कौतुक होते. आपल्याकडे हे काम शंभर वर्षांपूर्वी झाले, आणि करणाऱ्यांपैकी कुणी उपाहारगृहातून आलेला होता.

१९१३ मध्येच फाळके नाशिकला आले आणि पुढचे बरेचसे चित्रपट नाशिकला झाले. १९१७ मध्ये ‘लंकादहन’ आला. त्यात अण्णा साळुंके यांनी राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. मूकपटात आवाज बदलून पात्र वेगळे करण्याची सोय नव्हती. राहिली ती फक्त देहबोली. ज्याच्या नावाने लोक हात जोडतात असा राम आणि अशोकवनात शोकाने बसलेली सीता, दोघांचे चालणे-बसणे एकाच देहाने एकमेकांपासून वेगळे ठेवायचे होते. चार वर्षांत साळुंके यांचे अंग भरले होते, दंड पीळदार झाले होते, असेही अभ्यासकांनी नोंदले आहे. तरी चित्रपटाला तुफान गर्दी झाली. राम पडद्यावर आला की लोक पादत्राणे काढून ठेवीत, असे सांगतात. तो नमस्कार रामाला होता. पण समोरच्या देहात लोकांना राम दिसला, त्यात नटाचाही वाटा होता.

त्याच चित्रपटात हनुमान झाले होते गणपत शिंदे. हे नाव आज किती जणांना ठाऊक आहे? हनुमान आकाशात झेप घेतो, शेपटीला आग लागते, लंका जळते. कथेतले सगळे अद्भुत ज्याच्या अंगावर येते ते हेच पात्र. वानराचा वेष, शेपटीचा भार, जळणाऱ्या देखाव्याची आच. हे सगळे सांभाळून भक्तीही दिसली पाहिजे आणि बळही. अद्भुत चित्रपटांत प्राणिरूप घेऊन मुख्य पराक्रम करणाऱ्या भारतीय नटांत गणपत शिंदे अगदी पहिल्या ओळीतले. मारुतीचे सोंग घेणाऱ्यांच्या या मुलखात त्यांची आठवण काढणे मला फार उचित वाटते.

साळुंके पुढे कॅमेऱ्यामागे गेले. १९२० च्या दशकात छायालेखक म्हणून त्यांनी पुष्कळ मूकपट केले. चौकटीत उभे राहून जे कळले होते ते त्यांनी चौकट धरताना वापरले असणार. म्हणून त्यांना ‘तारामती झालेला आचारी’ एवढीच ओळख देणे अन्यायाचे आहे. ते आपल्या चित्रपटसृष्टीच्या पहिल्या पिढीतले नट आणि तंत्रज्ञ होते.

आता जपानकडे जाऊ. ३ नोव्हेंबर १९५४ रोजी तिथे ‘गोजिरा’ प्रदर्शित झाला. जगभर त्याला गॉडझिला म्हणून ओळखतात. त्याच वर्षी मार्च महिन्यात अमेरिकेच्या हायड्रोजन बॉम्बच्या चाचणीची राख एका जपानी मासेमारी नौकेवर पडली होती. हिरोशिमा आणि नागासाकीला नऊच वर्षे झाली होती. अणुस्फोटाने जागा झालेला समुद्रातला राक्षस टोकियो तुडवत जातो, ही कथा त्या भीतीतून आली. दिग्दर्शक होते इशिरो होंडा आणि युक्तिदृश्यांचे सूत्रधार एइजी त्सुबुराया. त्सुबुराया यांचे नाव जपानमध्ये आपल्या फाळक्यांइतक्याच आदराने घेतात. आणि राक्षसाच्या आत होते हारुओ नाकाजिमा.

१ जानेवारी १९२९ चा त्यांचा जन्म. तोहो कंपनीत ते किरकोळ भूमिका करीत, पडझडीची आणि मारामारीची कामे करीत. अकिरा कुरोसावा यांच्या ‘सेव्हन सामुराई’ मध्ये दरोडेखोरांपैकी एक तेच. गोजिराचा पहिला वेष बांबू आणि तारेच्या सांगाड्यावर कापड आणि रबराचे थर चढवून केला होता. वजन सुमारे १०० किलो. आत शिरल्यावर पाहायला मानेपाशी बारीक छिद्रे. हा वेष इतका ताठ होता की त्यात काही पावलांपलीकडे चालणे जमेना. म्हणून दुसरा, थोडा हलका केला गेला आणि पहिला कापून पायांच्या दृश्यांसाठी वापरला. नाकाजिमा यांच्या जोडीला कात्सुमी तेझुका हे दुसरे नट होते. ते आळीपाळीने आत शिरत. तेझुका यांचे नाव तर जपानी चित्रपटांचे चाहतेही चटकन घेत नाहीत.

यातले तंत्र समजून घेतले तर श्रमाची मोजणी करता येते. राक्षस ५० मीटर उंच आहे असे दाखवायचे होते, आणि भोवती इमारती होत्या लहान प्रतिकृती. माणूस नेहमीच्या वेगाने चालला तर तो खेळण्यांत चालणारा माणूसच दिसेल. म्हणून कॅमेरा जास्त वेगाने चालवायचा आणि फिल्म नेहमीच्या वेगाने दाखवायची, म्हणजे हालचाल संथ होते, पाऊल जड वाटते, कोसळणारी भिंत खरीच प्रचंड भासते. पण कॅमेऱ्याचा वेग वाढवला की प्रकाश जास्त लागतो. म्हणजे दिवे जास्त, उष्णता जास्त. आणि पडद्यावर संथ दिसणारी हालचाल आत असलेल्या माणसाला प्रत्यक्षात जोर लावून, झपाट्याने करावी लागते. राक्षसाचा जो संथ दरारा आपण पाहतो तो रबरात कोंडलेल्या माणसाच्या धडपडीतून आलेला असतो. नाकाजिमा यांनी मुलाखतींत सांगितले आहे की बाहेर आल्यावर अंगातला सदरा पिळला की घामाची धार लागे.

त्यांनी याला केवळ अंगमेहनत मानले नाही. ते टोकियोच्या उएनो प्राणिसंग्रहालयात जाऊन हत्ती आणि अस्वल पाहत बसत. मोठे जनावर वळते कसे, पाऊल टाकताना भार कुठे देते, हे पाहून त्यांनी राक्षसाची चाल ठरवली. १९७२ पर्यंत बारा चित्रपटांत ते गोजिरा झाले, शिवाय इतरही अनेक राक्षस झाले. काम संपल्यावर कंपनीने त्यांना आपल्याच एका खेळघरात नोकरीला लावले. उतारवयात मात्र जगभरच्या चाहत्यांनी त्यांना शोधून काढले, मानाने बोलावले. ७ ऑगस्ट २०१७ रोजी ते वारले तेव्हा जगातल्या मोठ्या वृत्तपत्रांनी त्यांच्यावर मृत्युलेख लिहिले. नाव विचारणारे लोक भेटले, म्हणून हे घडले.

काही जण विचारतील की वेषात कुणीही शिरले तरी काय फरक पडतो? या प्रश्नाचे उत्तर हरसूलच्या प्रेक्षकाला द्यायला नको. तोच मुखवटा वेगवेगळ्या पायांवर वेगळा दिसतो, हे तुम्ही पिढ्यान्पिढ्या पाहिले आहे. गोजिराचे चाहतेही नाकाजिमा यांची चाल दुसऱ्या नटांच्या चालीपासून वेगळी काढतात.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे आणि मला तो महत्त्वाचा वाटतो. बोहाड्यात मुखवटा चढला की तो माणूस राहत नाही, देव होतो. लोक पाया पडतात, नवस फेडतात. तिथे माणसाचे नाव पुढे करणे म्हणजे श्रद्धेत ढवळाढवळ नव्हे का? मला याचे उत्तर फाळक्यांच्याच एका चित्रपटात सापडते. १९१९ च्या ‘कालियामर्दन’ मध्ये त्यांची मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली. तेव्हा ती साधारण सात वर्षांची होती. चित्रपटाच्या आरंभी फाळक्यांनी आधी ती मुलगी दाखवली आहे. तिच्या चेहऱ्यावर एकामागून एक भाव उमटतात आणि मग प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत तिचा कृष्ण होतो. पुढे तोच कृष्ण यमुनेच्या पाण्यात उतरून कालियाशी झुंजतो, त्याच्या फण्यावर उभा राहतो. आधी माणूस दाखवल्याने कृष्ण उणा झाला नाही. प्रेक्षकांनी मुलीचे कौतुकही केले आणि कृष्णाला हातही जोडले. आपल्या लोकांच्या मनात या दोन्ही गोष्टींना एकत्र जागा आहे. सोंग नाचत असताना तो देवच. पहाटे मुखवटा उतरल्यावर जो थकलेला, घामाने भिजलेला माणूस उरतो, नोंद त्याची करायची आहे.

ही नोंद तातडीने व्हायला हवी. त्या काळची फिल्म नायट्रेटची. ती आपोआप कुजते, लवकर पेट घेते. ‘राजा हरिश्चंद्र’ ची पहिले आणि शेवटचे अशी दोनच रिळे पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आली. ‘लंकादहन’ चा थोडासाच भाग उरला. गणपत शिंदे यांनी हनुमान म्हणून काय काय केले, ते आज पूर्ण पाहता येत नाही. त्यांचे नाव कागदावर राहिले, म्हणून मी ते तुमच्यापुढे घेऊ शकलो. बोहाड्याचे तर चित्रणही क्वचित झाले. मुखवटे शहरांतल्या संग्रहालयांत पोचले, त्यांच्या खाली गावाचे आणि समाजाचे नाव लिहिले गेले. तो मुखवटा वीस-पंचवीस वर्षे ज्याने नाचवला त्याचे नाव तिथे बहुधा नसते.

म्हणून माझी एक विनंती आहे आणि ती आज बसलेल्या विद्यार्थ्यांना आहे. एक जाडजूड वही घ्या. तुमच्या गावात आठवते तेव्हापासून कोणते सोंग कुणी घेतले, कुणाकडून शिकले, संबळ कुणाचा होता, पिपाणी कुणाची, मुखवटा कुणी घडवला आणि कुणी रंगवला, हे घरोघरी म्हाताऱ्या माणसांना विचारून लिहा. ज्यांची नावे येतील त्यांच्या संमतीने लिहा. बोलताना त्यांचा आवाजही मोबाइलवर घेऊन ठेवा. कोणते पाऊल कसे टाकायचे, हे त्यांच्याच शब्दांत असू द्या. वहीची एक प्रत शाळेत राहू द्या, एक ग्रामपंचायतीत आणि पुढच्या बोहाड्यानंतर त्या वर्षाचे पान जोडत जा. याला पैसा लागत नाही, सरकारी परवानगी लागत नाही. चार मुले आणि एक शिक्षक पुरेसे आहेत.

फाळके आपल्या तालुक्यात जन्मले, याचा आपल्याला अभिमान आहे आणि तो असावाच. त्यांच्या नावाने देशातला सर्वोच्च चित्रपट सन्मान दिला जातो. पण त्यांचा चमत्कार ज्यांच्या अंगाखांद्यावर उभा राहिला ते अण्णा साळुंके, गणपत शिंदे, दत्तात्रय दाबके, मंदाकिनी फाळके हेही आपलेच आहेत. आणि तुमच्या पाड्यावर पहाटेपर्यंत रावण नाचवणारा माणूसही त्याच पंक्तीचा आहे. त्याला त्या पंक्तीत बसवायचे तर त्याचे नाव माहीत हवे. ते लिहिण्याचे काम या वर्षीच सुरू करा. पुढच्या वर्षी या व्याख्यानमालेत वक्ता कुणीही असो, व्याख्यानाआधी त्या वहीतली नावे इथे मोठ्याने वाचली जावीत, अशी मी संयोजकांना जाहीर विनंती करतो.